आरएक्स १००चं मॅन्युअल कुठे मिळेल?

प्रश्न : वडिलांची यामाहा आरएक्स १०० घरीच दुरुस्त करायची आहे. मॅन्युअल कुठे मिळेल?

उत्तर : आधी नेमकं कोणतं हवंय ते ठरवा. गाडीसोबत येणारं ओनर्स मॅन्युअल चेन ताणणं, प्लग साफ करणं इतपतच उपयोगी. इंजिन उघडायचं तर सर्व्हिस मॅन्युअलच लागतं. कोणता नट किती टॉर्कला आवळायचा, पिस्टन आणि सिलिंडरमध्ये किती फट हवी, हे आकडे त्यात असतात. तिसरा पार्ट्स कॅटलॉग. नवखे त्याला हातही लावत नाहीत, पण वॉशर, सर्क्लिप, स्प्रिंग कोणत्या क्रमाने बसतात ते त्यातल्या सुट्या भागांच्या चित्रात झटकन कळतं.

ही गाडी १९९६ साली बंद झाली, त्यामुळे शोरूमकडून फार आशा नको. जुन्या मेकॅनिककडे ऑइलचे डाग पडलेली प्रत सापडू शकते. झेरॉक्स मागून बघा. पुण्यात असाल तर बुधवारी-रविवारी जुना बाजार पालथा घाला. स्कॅन केलेली प्रत मिळाली तर मॉडेल नीट तपासा. परदेशी आरएक्सचे आकडे आपल्या गाडीला चालतीलच असं नाही.

मॅन्युअल हाती येईपर्यंत प्लग, एअर फिल्टर आणि गिअर ऑइल एवढंच करा. सिलिंडर हेडला पाना लावू नका.