वीझल : सडपातळ देहाचा शिकारी

मराठी वाचकास मुंगूस चांगले परिचित असते. लांबट अंग, आखूड पाय, निमुळते तोंड आणि विलक्षण चपळाई पाहून वीझल हा मुंगसाचाच भाऊबंद असावा, असे कोणासही वाटेल. परंतु हे साम्य वरवरचे आहे. मांसाहारी गणाच्या दोन मुख्य शाखांपैकी मांजराच्या शाखेत मुंगूस मोडते, तर वीझल कुत्र्याच्या शाखेतील मुस्टेलिडी कुलात येतो. आपल्या नद्यांत राहणारे पाणमांजर हे त्याचे खरे आप्त होय. वीझलाचा सडपातळ देह त्यास काय मिळवून देतो व त्याबद्दल कोणती किंमत घेतो, हे समजले म्हणजे त्याच्या साऱ्या जीवनक्रमाचा उलगडा होतो.

निवास

यूरोप, आशिया व उत्तर अमेरिका या खंडांतील थंड व समशीतोष्ण प्रदेशांत वीझलांच्या अनेक जाती राहतात. भारतात ते हिमालयात व ईशान्येकडील डोंगरांत आढळतात. लडाखच्या उघड्या, खडकाळ पठारावर पहाडी वीझल राहतो आणि पायका नावाच्या, सशाच्या गणातील छोट्या बिनशेपटीच्या प्राण्याची शिकार करतो. डोंगरउतारांवरील वनांत पिवळ्या पोटाचा वीझल दिसतो. ब्रायन हॉजसन यांनी नेपाळात राहून १८३५ साली त्याचे शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध केले. घरातील उंदरांच्या नाशासाठी तेथील लोक त्यास मोलाचा मानतात, अशी नोंदही त्यांनी केली. दगडांच्या राशी, झाडांची पोकळ मुळे किंवा भक्ष्याचेच बीळ हे वीझलाचे घर असते.

देह आणि त्याची किंमत

लघुतम वीझल हा मांसाहारी गणातील जगातील सर्वांत लहान प्राणी आहे. काही प्रदेशांत त्याच्या मादीचे वजन ५० ग्रॅमही भरत नाही. उंदराच्या अरुंद बिळात शिरून त्यास तेथेच गाठणे या देहामुळे शक्य होते. कोल्हा किंवा मांजर बिळाच्या तोंडाशी थांबते. वीझल आत जातो. बर्फाखाली उंदरांनी काढलेल्या वाटांतूनही तो शिकार करतो.

मात्र लांब व बारीक देहाचा पृष्ठभाग वजनाच्या मानाने मोठा असतो. वीझलास अंगाचा नीट गोळा करून निजता येत नाही व त्याच्या अंगी चरबीही अल्प असते. यामुळे उष्णता लवकर निघून जाते. थंडीमध्ये तेवढ्याच वजनाच्या सामान्य बांध्याच्या प्राण्यापेक्षा वीझलास दीडपट ते दुप्पट ऊर्जा खर्चावी लागते, असे १९७२ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनात दिसून आले. म्हणूनच लघुतम वीझल रोज आपल्या वजनाच्या सुमारे एक तृतीयांश अन्न खातो आणि थोडी थोडी विश्रांती घेऊन दिवसा व रात्रीही शिकारीस निघतो. मानेच्या मागे चावा घेऊन तो भक्ष्य ठार करतो. भुकेपेक्षा अधिक प्राणी मारतो म्हणून लोक त्यास रक्तपिपासू म्हणत. वस्तुतः उरलेले भक्ष्य तो पुढील दिवसांसाठी साठवून ठेवतो.

रंग

स्टोट या जातीची पाठ उन्हाळ्यात तपकिरी व पोट पांढरे असते. अतिथंड प्रदेशांत हिवाळ्यात सर्व अंग पांढरेशुभ्र होते. केवळ शेपटीचे टोक काळे राहते. या काळ्या टोकाचा उपयोग काय? १९८२ साली प्रसिद्ध झालेल्या प्रयोगात वीझलाच्या आकाराच्या प्रतिकृतींवर शिकारी पक्षी सोडण्यात आले. शेपटीचे टोक काळे असता पक्ष्यांचा नेम अधिक वेळा चुकला. काळे टोक शत्रूची दृष्टी धडापासून दूर ओढते, असा त्याचा अर्थ आहे.

मित्र की शत्रू?

उंदीर व ससे मारणारा हा प्राणी शेतकऱ्यास उपकारकच वाटेल. याच समजुतीने न्यूझीलंडमध्ये मोठा अनर्थ घडला. यूरोपीय वसाहतवाल्यांनी तेथे नेलेले ससे अतोनात वाढले व मेंढ्यांची कुरणे उजाड होऊ लागली. तेव्हा १८८० नंतरच्या दशकात ब्रिटनमधून स्टोट व वीझल आणून सोडण्यात आले. पक्षिशास्त्रज्ञांनी दिलेला इशारा कोणी मानला नाही. माणूस येण्यापूर्वी त्या देशात वटवाघळांखेरीज जमिनीवरील एकही सस्तन प्राणी नव्हता. त्यामुळे तेथील कित्येक पक्षी जमिनीवर घरटी करीत. काहींना तर उडताही येत नसे. बिळात शिरून शिकार करणाऱ्या शत्रूपासून बचाव कसा करावा, हे त्यांस ठाऊक नव्हते. स्टोटास असलेले कायद्याचे संरक्षण १९३६ साली काढून घेण्यात आले, परंतु तोवर तो सर्वत्र पसरला होता. आजही असंरक्षित वनांत किवीच्या १०० पिलांपैकी सुमारे ९५ पिले वाढ पूर्ण होण्याआधीच मरतात व त्यांचा मुख्य मारेकरी स्टोटच असतो. २०५० पर्यंत स्टोटांसह अशा परकीय भक्षकांचे निर्मूलन करण्याचा संकल्प तेथील सरकारने २०१६ साली जाहीर केला.

हिमालयात मात्र पायका, उंदीर, वीझल आणि वीझलास टिपणारे शिकारी पक्षी युगानुयुगे एकत्र नांदत आले आहेत. तेथे वीझल उंदरांच्या संख्येस आळा घालतो व स्वतःही शत्रूंच्या भयाने मर्यादेत राहतो. कोणताही प्राणी मुळात उपकारक किंवा अपकारक नसतो. तो कोठे व कोणांमध्ये राहतो, यावरच ते ठरते. एखादा प्राणी त्याच्या मूळ स्थानातून उचलून अन्यत्र नेण्यापूर्वी या गोष्टीचा विचार करणे अगत्याचे आहे.