सोसायटीच्या निवडणुकीचे तंटे आणि अंतरिम हुकूम

विविध कार्यकारी सोसायटीची निवडणूक हा विषय गांवांत मानला जातो तितका लहान नाहीं. पंचकमिटीवर कोण बसतो यावर खरिपाचें पीककर्ज वेळेवर मंजूर होणें बरेंचसें अवलंबून असतें. शिवाय तीच सोसायटी जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँकेच्या निवडणुकीस आपला एक प्रतिनिधि मतदार म्हणून धाडते. ३० डिसेंबर २०२१ रोजीं सिंधुदुर्ग जिल्हा बँकेच्या १९ जागांसाठीं मतदान झालें, तेव्हां कणकवलीच्या सोसायटी-गटांत दोघां उमेदवारांस १७-१७ अशीं समान मतें पडलीं. अखेर चिठ्ठी टाकावी लागली, व तींत बँकेचे त्या वेळचे अध्यक्षच पराभूत झाले. एखाद्या सोसायटीची कमिटी कोर्टाच्या हुकुमानें अडकून राहिली तर त्याचा परिणाम कोठवर पोंचूं शकतो, हें यावरून वाचकांच्या ध्यानीं येईल.

अंतरिम हुकूम म्हणजे निवाडा नव्हे. वायंगणी भाताच्या पाटाचा तंटा चालू असतां निकाल लागेपर्यंत बांध कोणीं फोडूं नये, असें पंचांनीं सांगावें, तशांतलाच तो प्रकार. परंतु निवडणुकीच्या तंट्यांत एक अडचण आहे. कमिटीची मुदत पांच वर्षांची; दावा तीन वर्षें चालला आणि तोंवर मनाई हुकूम कायम राहिला, तर अखेरच्या निवाड्यास फारसा अर्थ उरत नाहीं. म्हणून अशा हुकुमास वेळींच आव्हान देणें, आणि तें योग्य ठिकाणीं देणें, अगत्याचें असतें.

आव्हान निकालापूर्वीचें कीं नंतरचें, हें प्रथम पाहावें. निवडणूक एकदां सुरू झाली कीं ती मध्येंच थांबविण्यास वरिष्ठ कोर्टें सहसा राजी नसतात. हें तत्त्व सर्वोच्च न्यायालयानें १९५२ सालीं पोन्नुस्वामी यांच्या खटल्यांत विधानसभेच्या निवडणुकीसंबंधानें सांगितलें. पुढें २००१ सालीं श्री संत सद्गुरु जनार्दन स्वामी सहकारी दूध उत्पादक संस्थेच्या प्रकरणांत तेंच आपल्या राज्याच्या सहकारी निवडणुकांस लावलें गेलें. मतदारयादी करणें ही निवडणुकीचीच एक पायरी असल्यामुळें यादींत दोष असला तरी उच्च न्यायालयानें निवडणूक अडवूं नये, तक्रारदारानें निकालानंतर दाद मागावी, असा त्याचा आशय आहे. यादीवर वेळीं लेखी हरकत न घेतां मतदानाच्या तोंडावर वकिलाकडे धांवणारे सभासद आम्ही पुष्कळ पाहतों. त्यांचा खर्च बहुधा वायां जातो. उमेदवारी अर्ज नामंजूर झाल्यास मात्र १९६० च्या महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम १५२-अ खालीं तीन दिवसांत निबंधकाकडे अपील करतां येतें, आणि दहा दिवसांत त्याचा निकाल व्हावयाचा असतो.

निकालानंतरचा वाद कलम ९१ खालीं सहकार न्यायालयांत जातो. कलम ९२ मधील मुदत निवडणुकीच्या वादांस फार थोडी आहे, तेव्हां निकालाच्या दिवसापासूनच दिवस मोजीत असावें. या न्यायालयास अंतरिम हुकूम करण्याचा अधिकार कलम ९५ नें दिला आहे, व त्यावर कलम ९७ प्रमाणें दोन महिन्यांच्या आंत सहकारी अपील न्यायालयाकडे जातां येतें. तेथेंही दाद न लागल्यास राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ अन्वयें उच्च न्यायालय उरतें. यासाठीं आमच्या मालवणकडील माणसास पूर्वीं मुंबई गांठावी लागे. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरास सर्किट बेंच बसूं लागल्यानें घाट चढून एका दिवसांत काम होणें शक्य झालें आहे.

अपिलांत मूळ वाद नव्यानें चालत नाहीं, हें पुष्कळांस ठाऊक नसतें. खालच्या कोर्टानें प्रथमदर्शनीं बाजू खरी आहे काय, कोणाची गैरसोय अधिक, आणि न भरून येणारी हानि कोणाची, या गोष्टींचा विचार केला कीं नाहीं, एवढेंच मुख्यत्वें पाहिलें जातें. केवळ दुसरें मत संभवतें म्हणून हुकूम फिरविला जात नाहीं. आमच्या मतें निवडून आलेली कमिटी अडविण्यापेक्षां वादग्रस्त मतें निराळ्या पेटींत ठेवावीं, किंवा कारभार अंतिम निवाड्यास बांधील ठेवावा, अशी मर्यादित मागणी अधिक शहाणपणाची होय. कोर्टेंही ती लवकर मानतात. सरसकट स्थगिति मागणाऱ्यानें मृगाच्या तोंडावर कर्जाचे अर्ज कोणापुढें ठेवावयाचे, याचाही विचार करावा.

अपिलास निघतांना हुकुमाची प्रमाणित प्रत, मतदारयादीची नक्कल, आणि हरकत वेळेवर दिल्याची तारखेसह पोंच बरोबर असावी. ही पोंच बहुतेकांपाशीं नसते. हरकत तोंडीं सांगितलेली असते.