कॅमेरा, यंत्रमाग आणि आनंद पटवर्धन

डॉक्युमेंटरी म्हटलं की आपल्याला काय आठवतं? शाळेत सक्तीने दाखवलेला कंटाळवाणा माहितीपट! माझंही तेच मत होतं. पण कॉलेजच्या स्पर्धेसाठी भिवंडीच्या यंत्रमागांवर दहा मिनिटांची फिल्म करायला घेतली आणि त्या निमित्ताने आनंद पटवर्धन यांच्या फिल्म्स पाहिल्या. मत बदललं.

पटवर्धन मुंबईचे, जन्म १९५०चा. त्यांची पहिली फिल्म 'क्रांति की तरंगें' (१९७५) बिहारच्या आंदोलनावर आहे. तेव्हा पैसा नाही, साधनं अपुरी. मग काही भाग सुपर-८ या छोट्या कॅमेऱ्यावर घेतला, तो पडद्यावर पाडला आणि १६ मिमी कॅमेऱ्याने पुन्हा टिपला. चित्र खरखरीत आलं, पण काम झालं. आपल्या वर्कशॉपमधला जुगाड याहून वेगळा काय असतो?

दुसरी गोष्ट म्हणजे चिकाटी. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलीस गोळीबारात १० जण गेले. त्यानंतर काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. हेच घोगरे पटवर्धनांच्या 'हमारा शहर' (१९८५) मध्ये गायले होते. या घटनेपासून सुरू झालेली 'जय भीम कॉम्रेड' पूर्ण झाली २०११ मध्ये. म्हणजे तब्बल १४ वर्षं! आणि आपण सबमिशनच्या आदल्या रात्री जागतो.

पण मला खरा धक्का दिला तो 'हमारा शहर'मधल्या एका बाईने. झोपडी पाडली गेलेली ही बाई कॅमेऱ्यामागच्या माणसालाच सुनावते, की आमचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आमचं काय होणार? हा प्रसंग कापणं सोपं होतं. पटवर्धनांनी तो ठेवला.

मी मात्र कापला होता! रात्रपाळीच्या एका चाचांनी मला विचारलं होतं, "बेटा, तुम तो पास हो जाओगे, हमको क्या मिलेगा?" मागांच्या खडखडाटात आवाज नीट आला नाही, अशी मी स्वतःची समजूत घातली. खरं म्हणजे माझ्याकडे उत्तर नव्हतं.

'हमारा शहर' पाहिल्यावर ते वाक्य फिल्ममध्ये परत जोडलं, खाली अक्षरं टाकली. बक्षीस काही मिळालं नाही. मोबाईलवर चाचांना फिल्म दाखवली. त्यांनी शेवटपर्यंत पाहिली आणि एवढंच म्हणाले, "अक्षर हमको पढ़ना नहीं आता."

थोडक्यात काय, स्वतंत्र फिल्म म्हणजे फक्त स्वतःच्या पैशाची फिल्म नव्हे. समोरच्या माणसाने आपल्यालाच प्रश्न विचारला तर तोही त्यात राहिला पाहिजे. आता शुक्रवारी, माग बंद असताना, पुन्हा जाणार आहे. या वेळी आधी ऐकणार, मग कॅमेरा चालू करणार.