कुठली वाडी?

॥ श्री गुरुदेव दत्त ॥

दत्तजयंतीच्या अंकासाठी काहीतरी लिहा, असं मंडळींनी सांगितलं तेव्हा मी आधी नाही म्हटलं. मी काही शास्त्री-पंडित नव्हे. कॉमर्स शिकलो, बँकेत खातेवह्या लिहिल्या, निवृत्त झालो. तत्त्वावर लिहिणारे अधिकारी लोक आपल्याकडे आहेत. मी एका शब्दावर लिहितो. शब्द आपल्या सगळ्यांच्या तोंडी रोजचा आहे : वाडी. या शब्दाने मला एकदा चांगलंच अडचणीत आणलं होतं, म्हणून त्याच्याकडे मी जरा जास्त लक्ष देऊन बघत आलो.

गोष्ट १९८५-८६ च्या आसपासची. मी काउंटरवर नवा होतो. मार्गशीर्ष लागला होता. एक म्हाताऱ्या बाई आल्या. नातवाला आजारातून उठवल्याबद्दल बोललेल्या नवसाचे एक्कावन्न रुपये त्यांना दत्तजयंतीच्या अन्नदानासाठी वाडीला पाठवायचे होते. लिहिता येत नव्हतं, म्हणून फॉर्म मीच भरला, पाकिटावर पत्ताही मीच घातला. मी नोकरीला लागण्याआधी वर्षभर सिंधुदुर्गात काढलं होतं. तिथे 'वाडी' म्हटलं की सावंतवाडी. हात सवयीने चालला. ड्राफ्ट सावंतवाडी शाखेवर काढला आणि पाकिटावर लिहिलं, 'श्री दत्त मंदिर, वाडी'. कुठली वाडी, हे बाईंना विचारलं नाही.

पाकीट फिरलं फिरलं आणि 'पत्ता अपुरा' असा शेरा घेऊन महिन्याने परत आलं. तोवर दत्तजयंती होऊन गेली होती. बाई मधे दोनदा येऊन गेल्या होत्या, "वाडीचा प्रसाद आला का हो टपालाने?" असं विचारायला. तिसऱ्यांदा आल्या तेव्हा मला पाकीट दाखवावं लागलं. मी म्हटलं, "आजी, वाड्या पुष्कळ असतात." त्या माझ्याकडे बघतच राहिल्या. म्हणाल्या, "पुष्कळ कशा? देवाची वाडी एकच ना?"

आता बाईंचंही बरोबर होतं आणि माझंही. कसं ते बघू.

वाडी हा मुळात गावाच्या नावाचा शब्दच नव्हे. संस्कृतात वाटिका म्हणजे कुंपण घातलेली बाग, तिचीच ही वाडी. मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश, १८५७ ची आवृत्ती, काढून बघितलात तर तिथेही पहिला अर्थ कुंपणातल्या जागेचा, मग शेतकऱ्यांच्या घरांचा पुंजका, आणि त्यात मुद्दाम कोकणाचा उल्लेख आहे : तिथली गावं अशा वेगवेगळ्या पुंजक्यांची मिळून होतात, म्हणून त्या प्रत्येक भागाला वाडी. आपल्याला हे कोशात बघायची गरज नाही. आपण त्यातच राहतो. घाटावर गाव म्हणजे एका जागी गच्च बसलेली घरं, बाहेर शेतं. आपल्याकडे गाव म्हणजे दोन-तीन डोंगरउतारांवर विखुरलेल्या वाड्या. वरची, खालची, मधली, गुरववाडी, सुतारवाडी, कुंभारवाडी. जातीवरून पडलेली वस्त्यांची नावं बदलायची, असा निर्णय महाराष्ट्र सरकारने २०२० साली घेतला. निर्णय चांगलाच आहे. पण कागदावरचं नाव बदललं तरी 'वाडी' हा शब्द काही जायचा नाही, तो मुळाचा आहे.

याशिवाय नारळी-पोफळीची ती वाडी. "बाबा कुठे गेले?" "वाडी शिंपायला." पितरांना किंवा देवाला पानावर वाढून ठेवतात त्यालाही आपल्याकडे काही घरांत वाडी म्हणतात, म्हाळाच्या दिवशी 'वाडी दाखवली का?' असं विचारतात. ती बागेतली नव्हे, वाढलेली. माझी आई ही तिन्ही वाक्यं एका सकाळी बोलायची आणि कुणाचाही गोंधळ व्हायचा नाही. आपले लोक मुंबईला गेले तर तिथेही शब्द घेऊनच गेले. गिरगावात फणसवाडी, कांदेवाडी, खोताची वाडी. गोव्यात त्याचा वाडो झाला.

मग सावंतवाडी. तिचं जुनं नाव सुंदरवाडी. तिथल्या संस्थानिकांना वाडीकर म्हणत. तळकोकणात आजही कुणी "उद्या वाडीक जातंय" म्हणाला तर तो बाजाराला किंवा कोर्टात चाललाय, तीर्थयात्रेला नव्हे. माझी चूक इथे झाली.

रेल्वेचं आणखी वेगळंच. वेळापत्रकात पुढे-मागे काही न लावता नुसतं 'वाडी' छापलेलं जे मोठं जंक्शन आहे, ते कर्नाटकात कलबुर्गीच्या पुढे, सिमेंटच्या कारखान्याचं गाव. आपल्यासाठी गंमत अशी, की गाणगापूरला जाणारा दत्तभक्त सोलापूरहून याच रस्त्याला लागतो. अक्कलकोट रोड, मग गाणगापूर रोड, मग कलबुर्गी आणि पुढे वाडी. झोप लागली तर माणूस वाडीला पोचेल, पण दत्ताच्या नव्हे! आपल्या वाडीचं जवळचं स्टेशन जयसिंगपूर.

म्हणजे वाड्या पुष्कळ, हे माझं म्हणणं खरं. आता आजींचं.

आपली वाडी कोल्हापूर जिल्ह्यात शिरोळ तालुक्यात, कृष्णा-पंचगंगेच्या संगमावर. सरकारी नाव नृसिंहवाडी. लोकांच्या तोंडी नरसोबाची वाडी, घाईत नरसोबावाडी. आणि आपापसात नुसती वाडी. नाव कुणावरून, हे सांगायला नको. श्रीनृसिंह सरस्वती स्वामी महाराजांनी इथे बारा वर्षं वास केला असं आपण मानतो. पण गुरुचरित्राच्या पोथीत हा प्रसंग वाचायला जाल तर अठराव्या अध्यायात गाव भेटतं ते अमरापूर. संगमाजवळचं, अमरेश्वराचं. गरीब ब्राह्मणाच्या दारातला घेवड्याचा वेल महाराजांनी उपटला आणि बुडाशी द्रव्याने भरलेला कुंभ निघाला, ती कथा तिथली. अमरापूर म्हणजे कृष्णेच्या पलीकडचं औरवाड, असं समजलं जातं. नवीन वाचणाऱ्याला इथे हटकून प्रश्न पडतो, की पोथीत आपली वाडी कुठे आहे? उत्तर असं, की महाराज राहिले ते नदीकाठच्या रानात, औदुंबराखाली. गाव पलीकडे होतं, भिक्षेला तिकडे जायचं. पुढे पादुका राहिल्या, त्यांच्या पूजेसाठी वस्ती झाली, आणि त्या वस्तीला नाव पडलं ते राहून गेलेल्याचं. आधी गाव मग देऊळ, असं नाही. इथे उलटं आहे. म्हणून 'वाडी' हा साधा शब्द त्या एका जागी विशेषनाम होऊन बसला. आजी म्हणत होत्या ते हेच, त्यांना फक्त माझ्यासारखं लांबण लावता येत नव्हतं.

आणि बघा, भाषा हा फरक पाळते. कुणी शिकवत नाही तरी. आपल्या गावातल्या वाडीबद्दल बोलताना आपण 'वाडीत' म्हणतो. खालच्या वाडीत लग्न आहे. दत्ताच्या बाबतीत मात्र 'वाडीला'. पौर्णिमेला वाडीला गेलो होतो. "वाडीत पाणी आलं" म्हणजे नळाला पाणी आलं, हंडे काढा. "वाडीला पाणी आलं" म्हणजे कृष्णा चढली, पाणी देवळात शिरलं, उत्सवमूर्ती वर नारायणस्वामींच्या मंदिरात नेली, आता दक्षिणद्वार होणार. पादुकांवरून गेलेलं पाणी दक्षिणेकडच्या दाराने बाहेर पडतं आणि त्यात स्नान करायला लोक रात्री-अपरात्री धावतात. एका प्रत्ययाने केवढा फरक!

औदुंबराचंही असंच. झाडही औदुंबर, आणि सांगली जिल्ह्यात पलूस तालुक्यातलं, भिलवडीच्या समोरच्या तीरावरचं क्षेत्रही औदुंबर. पोथीत सतराव्या अध्यायात भुवनेश्वरीच्या देवळात जीभ कापून देणारा मुलगा येतो आणि देवी त्याला पैलतीरी महाराजांकडे पाठवते, ते हे ठिकाण. पुढे एकोणिसाव्या अध्यायात झाडाचा महिमा : हिरण्यकशिपूला फाडल्यावर नृसिंहाच्या नखांचा दाह औदुंबराच्या फळांनी शमला. आता बोलताना ऐका. झाडाला प्रदक्षिणा घालतो तेव्हा 'औदुंबराला' घालतो. गावाला जातो तेव्हा 'औदुंबरला' जातो. एक काना. सामान्य नाम असेल तर मराठी शब्द वाकतो, गावाचं नाव असेल तर बहुधा ताठ राहतो. 'नगराला' आणि 'नगरला' म्हणून बघा. पुस्तकं छापणाऱ्यांनी एवढं सांभाळावं. 'औदुंबरला अकरा प्रदक्षिणा' असं छापलेलं मी वाचलंय, तेव्हा क्षणभर अख्ख्या गावाभोवती फिरायचं की काय असं वाटलं.

आकारान्त नावं मात्र वाकतात. आपलं हातखंबा : हातखंब्याला उतरतो, हातखंबाला नव्हे. बाहेरचा माणूस यावरून लगेच ओळखू येतो. आणि हातखंबा म्हणताना तरी आपण गाव म्हणतो का? दहातले नऊ जण तिठाच म्हणतात. रत्नागिरीचा रस्ता मुंबई-गोवा महामार्गाला मिळतो तो तिठा. गाव राहिलं बाजूला. तिठ्यावरून पुढे पाली. तिथे नवखा पाहुणा हसतो, कारण 'पालीला उतरा' हे भिंतीवरच्या पालीबद्दल वाटतं. पुन्हा रायगडात बल्लाळेश्वराची पाली वेगळी, साताऱ्याकडे खंडोबाची पाली वेगळी.

अशी एकाच नावाची गावं निस्तरायला लोकांनी आणि कचेऱ्यांनी शेपट्या लावल्या. महाराजांचं जन्मस्थान कारंजा, वाशीम जिल्ह्यातलं, ते 'कारंजा लाड' झालं, कारण वर्ध्याकडे एक कारंजा घाडगे आहे आणि उरणजवळ एक कारंजा आहे. टपालखात्याने १५ ऑगस्ट १९७२ पासून पिनकोड आणला तोही याच कारणाने. पण त्यातही गंमत. सावंतवाडी आणि नृसिंहवाडी, दोन्हींचे पिनकोड ४१६ नेच सुरू होतात. पहिले तीन आकडे बघून सोडून देणारा कारकून पुन्हा तिथेच फसेल. मी तर पिन घातलाच नव्हता.

या दोन वाड्यांचा एक चांगला संबंधही आहे, तोही सांगतो. श्रीवासुदेवानंद सरस्वती टेंबेस्वामी महाराजांचा जन्म १८५४ चा, माणगावचा. रायगडातलं हमरस्त्यावरचं माणगाव नव्हे, कुडाळ तालुक्यातलं. ते तेव्हा सावंतवाडी संस्थानात होतं. म्हणजे स्वामी एका वाडीच्या मुलखात जन्मले आणि त्यांची ओढ दुसऱ्या वाडीची. गृहस्थाश्रमात असल्यापासून ते नरसोबाच्या वाडीला जात आणि पुढे तिथल्या उपासनेवर त्यांचा केवढा ठसा उमटला, हे आपण रोज करुणात्रिपदी म्हणणाऱ्यांना माहीत आहे. १९१४ साली गुजरातेत गरुडेश्वरला ते समाधिस्थ झाले. घाट उतरून दत्तभक्ती कोकणात आली असं आपण म्हणतो, पण ती इथून वरही गेली, हे विसरू नये.

आता आजींचं राहिलंच. त्या रागावल्या नाहीत. रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. त्या म्हणाल्या, "चुकलं ते चुकलं. पण मी नातवाला सांगितलंन होतं, जयंतीला तुझ्या नावाने पंगत बसेल म्हणून." ड्राफ्ट रद्द करून मी त्यांचे पैसे दिले आणि म्हटलं, पुढची पौर्णिमा मी चुकवत नाही, मी स्वतः जातो. तोवर मी वाडीला कधी गेलेलो नव्हतो. माघी पौर्णिमेला गेलो. दुसऱ्या दिवशी गुरुप्रतिपदा आहे, हे तिथे गेल्यावर कळलं, एवढं माझं अज्ञान! एक दिवस जास्त राहिलो. पैसे भरून पावती घेतली, पावतीवर नातवाचं नाव घातलं. प्रसाद आणि पेढे आणले. आजींनी पावती उलटसुलट करून बघितली आणि मला वाचायला लावली. मी रक्कम वाचली, नाव वाचलं. त्या म्हणाल्या, "गावाचं वाचा." मी वाचलं, "नृसिंहवाडी." त्या म्हणाल्या, "हे एवढं मोठं नाव आहे होय तिचं?"

त्यानंतर काउंटरवर असेपर्यंत 'वाडी' ऐकलं की तालुका विचारल्याशिवाय मी पेन उचललं नाही. लोक वैतागायचे.

गुरुप्रतिपदेला पहिल्यांदाच निघणाऱ्यांसाठी सांगतो. हातखंब्याच्या तिठ्यावरून दोन्ही वाड्यांचा रस्ता पालीपर्यंत एकच आहे. सरळ लांजा-राजापूरकडे गेलात तर ती सावंतवाडी. आपली गाडी पालीला डावीकडे वळते, मग नाणीज, साखरपा, आंबा घाट, मलकापूर, कोल्हापूर. कोल्हापूरला गाडी बदलायची. तिथे मात्र खिडकीवर 'वाडी' एवढंच म्हटलं तरी चालतं.