लक्षण आणि चिन्ह : पीकरोगाच्या निदानाची पहिली पायरी

वनस्पतिरोगशास्त्रात ‘लक्षण’ आणि ‘चिन्ह’ हे दोन वेगळे शब्द आहेत. रोगकारक जीव, अन्नद्रव्याची कमतरता किंवा साचलेले पाणी यांना झाड जो प्रतिसाद देते, ते लक्षण. पान पिवळे पडणे, शेंड्याने मान टाकणे, खोडावर चट्टा उमटणे, शेंगा न धरणे ही सगळी लक्षणे. रोग घडवणाऱ्या जीवाचा स्वतःचाच भाग जेव्हा नुसत्या डोळ्यांना किंवा भिंगाखाली दिसतो, तेव्हा ते चिन्ह. बुंध्याशी पसरलेले बुरशीचे पांढरे तंतू, भुरीची पूड, तांबेऱ्याच्या फोडातून बोटाला लागणारी भुकटी, कापलेल्या खोडातून पाण्यात उतरणारा जिवाणूंचा दुधट धागा ही चिन्हे. लक्षण झाडाचे असते, चिन्ह रोगकारकाचे. लक्षणावरून पीक अडचणीत आहे एवढे कळते. ते कोणामुळे, हे बहुतेक वेळा चिन्हावरून ठरते. दुकानातून औषध आणण्याआधी हा फरक पाहिला गेला, तर फवारणीचा बराच खर्च वाचतो.

मन आणि म्हैस या नद्यांच्या संगमावरच्या बाळापूर परिसरात पोळ्यापासून दिवाळीपर्यंत हा फरक विशेष महत्त्वाचा ठरतो. जमीन भारी, काळी. पाणी धरून ठेवणारी. पावसाने तीन आठवडे ओढ द्यावी आणि मग एका रात्रीत वावर तुडुंब व्हावे, असे या पट्ट्यात वारंवार घडते. तालुक्याचा पूर्णेकडचा भाग खारपाणपट्ट्यात येतो, तर वाडेगावच्या बाजूला कागदी लिंबाच्या बागा आहेत. पाण्याचा ताण, पाण्याची दाटी, क्षार, बुरशी, विषाणू आणि खोडात शिरलेली अळी या सहाही कारणांनी याच काळात पाने पिवळी पडतात आणि झाडे माना टाकतात. धुऱ्यावर उभे राहून ती सारखीच दिसतात.

कपाशीत सर्वाधिक गोंधळ होतो तो आकस्मिक मर, म्हणजे पॅराविल्ट, आणि बुरशीजन्य मर यांच्यात. दीर्घ उघडिपीनंतर जोराचा पाऊस झाला किंवा भेगाळलेल्या जमिनीला भरपूर ओलित दिले, की पात्या-बोंडांनी लदलेली पऱ्हाटी दीड-दोन दिवसांत अचानक मलूल होते. पाने हिरवी असतानाच लोंबतात. अशी मलूल पऱ्हाटी मुळासकट उपटून बुंध्याशी उभी चिरावी. आतले लाकूड स्वच्छ पांढरट असेल, मुळे कुजलेली नसतील आणि बुरशीचा मागमूस नसेल, तर हा रोगच नव्हे. मुळांना हवा न मिळाल्याने झालेली शरीरक्रियेची विकृती आहे. फ्युजॅरियम बुरशीच्या मररोगात पाने खालून वर पिवळी पडत जातात, झाड हळूहळू वाळते आणि चिरलेल्या खोडात तपकिरी-काळ्या रेषा दिसतात. भारतात हा रोग प्रामुख्याने देशी कपाशीवर येतो; आज बहुतेक वावरांत असलेली अमेरिकन कपाशी त्याला सहसा बळी पडत नाही. म्हणून संकरित कपाशीत पावसानंतर एकाएकी आलेली मलूलता पाहून आधी बुरशीचा संशय घेणे चुकीच्या टोकापासून सुरुवात करणे होय. पॅराविल्टमध्ये पहिले काम म्हणजे चर काढून साचलेले पाणी बाहेर घालवणे आणि वाफसा येताच डवरणी करणे. मलूलता दिसताच पहिल्या काही तासांत कोबाल्ट क्लोराइड लिटरला १० मिलिग्रॅम या प्रमाणात फवारल्यास बरीच झाडे सावरतात. आळवणीच्या शिफारशीत युरियासोबत कॉपर ऑक्सिक्लोराइड असते, ते दुबळ्या मुळांवर मागाहून बुरशी चढू नये म्हणून. त्यावरून मूळ कारण बुरशी आहे असे समजू नये.

लाल्या हेही लक्षणच. रोगाचे नाव म्हणून तो शब्द रूढ झाला असला तरी त्यामागे कोणताही एक रोगकारक नाही. नत्र आणि मॅग्नेशियमची कमतरता, बोंडे भरताना वाढलेली अन्नाची गरज, पाण्याचा ताण किंवा दाटी, रात्रीच्या तापमानातली घट आणि तुडतुडे यांपैकी एक किंवा अनेक कारणे त्याच्या मुळाशी असतात. पान हातात घेऊन पाहिले तर फरक कळतो. खालची पाने शिरांमधल्या भागात लाल आणि शिरा मात्र हिरव्या असतील, तर मॅग्नेशियमची कमतरता संभवते. कडा खाली वळलेल्या असतील आणि लाली कडेकडून आत येत असेल, तर पान उलटून तिरपे चालणारे फिकट हिरवे तुडतुडे शोधावेत. ते सापडले तर कारणच हाती लागले. कमतरता असेल तर मॅग्नेशियम सल्फेटची १ टक्का आणि युरिया किंवा डीएपीची २ टक्के फवारणी उपयोगी पडते, पण पान पूर्ण लाल होण्याआधी. लाल झालेले पान पुन्हा हिरवे होत नाही.

तुरीच्या मररोगावर भारतात शंभर वर्षांहून अधिक काळ काम झाले आहे. ई. जे. बटलर यांनी पुसा येथील संस्थेत या रोगाचा अभ्यास करून १९०६ मध्ये तो प्रसिद्ध केला आणि त्यामागच्या बुरशीला १९१० मध्ये फ्युजॅरियम उडम हे नाव दिले. फुलोऱ्याच्या सुमारास वावरात ठिकठिकाणी झाडे वाळू लागतात. कधी झाडाची एकच फांदी वाळते आणि बाकीचे झाड हिरवे राहते. बुंध्यापासून वर चढणारा जांभळट तपकिरी पट्टा आणि साल सोलल्यावर दिसणाऱ्या काळ्या रेषा ही जवळजवळ निर्णायक लक्षणे. तरीही ती लक्षणेच. अन्नपाण्याच्या नळ्यांत बुरशी शिरल्यावर झाडाने दिलेला तो प्रतिसाद आहे. बुरशी स्वतः दिसते ती दमट हवेत बुंध्याजवळ येणाऱ्या गुलाबी-पांढरट वाढीच्या रूपात. उभ्या पिकात मर लागल्यावर फवारणीने तूर वाचत नाही, हे स्पष्टच सांगितले पाहिजे. रोगट झाडे धसकटासह उपटून जाळावीत, त्या जागी तीनएक वर्षे तूर घेऊ नये, ज्वारीचा फेरपालट किंवा आंतरपीक ठेवावे, आणि पुढच्या हंगामात आशा म्हणजे आयसीपीएल ८७११९ यासारखा मरप्रतिकारक वाण ट्रायकोडर्माची बीजप्रक्रिया करून पेरावा. पाणी साचलेल्या सखल भागात खोडावर जमिनीच्या वर खोलगट तपकिरी-काळे चट्टे पडून तिथेच झाड मोडत असेल, तर तो फायटॉप्थोराचा करपा. त्याचा उपाय सरी-वरंब्यावर पेरणी आणि निचरा. दोन्ही रोगांत तूर वाळते, पण रान निराळे आणि तजवीजही निराळी.

विषाणूजन्य रोगांत चिन्ह डोळ्यांना दिसतच नाही. विषाणू इतका सूक्ष्म असतो की तो पाहायला इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शक लागतो. तुरीचा वांझ रोग हे याचे ठळक उदाहरण. झाड झुडपासारखे हिरवेगार वाढते, पाने लहान आणि फिकट-गडद चट्ट्यांची होतात, फुले-शेंगा धरत नाहीत. हा रोग भारतात १९३१ मध्ये नोंदला गेला. सूक्ष्म कोळी तो पसरवतात हे पुढे समजले, पण विषाणूची ओळख पटायला २००० साल उजाडावे लागले. अशा रोगांत निदानासाठी वाहक कीड, लक्षणांची ठेवण आणि वावरात रोग कसा पसरत आहे हे तिन्ही एकत्र पाहावे लागते.

सोयाबीनचा पिवळा मोझॅक याच गटातला. हिरव्या पानावर गर्द पिवळे, वेडेवाकडे ठिपके मिसळलेले दिसतात आणि पांढरी माशी तो एका झाडावरून दुसऱ्या झाडावर नेते. यावर बुरशीनाशक मारणे म्हणजे पैसा धुऱ्यावर ओतणे. सुरुवातीलाच रोगट झाडे उपटणे, पिवळे चिकट सापळे लावणे आणि पांढऱ्या माशीचे नियंत्रण हाच मार्ग. मात्र प्रत्येक पिवळे सोयाबीन मोझॅकचे नसते. चुनखडीच्या किंवा पाणी साचलेल्या जमिनीत लोह उचलले न गेल्यास शेंड्याकडची कोवळी पाने पिवळी आणि शिरा हिरव्या राहतात; वाफसा आल्यावर ती बहुधा सुधारतात. चक्रीभुंग्याने देठावर किंवा खोडावर दोन गोल खाचा पाडल्या की वरचा भाग मलूल होऊन वाळतो. खोडमाशीने पोखरलेले झाड उभे चिरले तर आत लालसर नागमोडी भुयार आणि त्यात पिवळसर अळी सापडते. खोडकुजव्यात, म्हणजे मॅक्रोफोमिना बुरशीच्या रोगात, बुंध्याची साल नखाने सोलली की खाली कोळशाची बारीक पूड भुरभुरल्यासारखे काळे कण दिसतात. ही त्या बुरशीची बीजे. हे खरे चिन्ह. २०२३ च्या खरिपात विदर्भातल्या सोयाबीनवर मोझॅक, खोडकूज आणि मूळकूज एकाच वेळी आले, तेव्हा वावरे काही दिवसांत पिवळी होऊन वाळली. अशा वेळी एकाच वावरातल्या पाच-सहा ठिकाणची झाडे चिरून पाहिल्याशिवाय कोणता रोग किती आहे हे कळत नाही.

वाडेगाव परिसरातल्या लिंबू बागांत डिंक्या हा शब्द रोजचा. बुंध्यातून पाझरणारा डिंक हे लक्षण आहे, कारण डिंक झाड स्वतः तयार करते. फायटॉप्थोरामुळे डिंक येतो, तसाच तो खोडकिडीने, वखराच्या घावाने किंवा उन्हाने साल फाटल्यानेही येतो. डिंक खरवडून त्याखालची साल तपासावी. ती ओलसर, तपकिरी आणि कुजका वास देणारी असेल आणि ती कूज जमिनीपासून वर चढली असेल, तर फायटॉप्थोरा समजावा. भोक आणि भुसा दिसला तर कीड. फायटॉप्थोरात कुजलेली साल धारदार चाकूने निरोगी भागापर्यंत खरवडून बोर्डो मलम लावतात. त्याचे प्रमाण मोरचूद १ किलो, चुना १ किलो आणि पाणी १० लिटर. बुंध्याशी पाणी लागणार नाही असे दुहेरी आळे करणे त्याहून मोलाचे. खैऱ्या रोगाचे उंचवटलेले, खरखरीत, भोवती पिवळे वलय असलेले ठिपके मात्र एवढे ठळक असतात की तिथे लक्षणावरून निदान सहसा चुकत नाही. हा जिवाणूजन्य रोग पावसाच्या उडणाऱ्या थेंबांनी आणि नागअळीने केलेल्या जखमांतून पसरतो. म्हणून रोगट फांद्या उघडिपीत छाटून जाळाव्यात आणि कॉपर ऑक्सिक्लोराइड १० लिटरला ३० ग्रॅम फवारावे.

लिंबाचे पान पिवळे पडते तेव्हा एक साधी पाहणी उपयोगी पडते. मधल्या शिरेच्या डावी-उजवीकडची पिवळी नक्षी ताडून पाहावी. दोन्ही बाजू सारख्या असतील तर जस्त, लोह किंवा अन्य अन्नद्रव्याची कमतरता संभवते. एका बाजूचा चट्टा दुसरीशी जुळत नसेल, तर सिट्रस ग्रीनिंगचा संशय घ्यावा आणि नमुना प्रयोगशाळेत द्यावा. ट्रिस्टेझा विषाणूबाबत तर कागदी लिंबाला जगभर मान आहे. संशयित संत्रा-मोसंबीचे डोळे कागदी लिंबाच्या रोपांवर बांधतात; विषाणू असेल तर नव्या पानांच्या शिरा प्रकाशात धरल्यावर तुटक, पारदर्शक दिसतात. ज्या रोगकारकाचे चिन्ह दिसत नाही, त्याला ओळखता येईल असे लक्षण हे झाड दाखवते.

चिन्ह लगेच दिसले नाही तरी ते घरी आणता येते. संशयित पान, खोड किंवा बोंड ओलसर कागदासोबत प्लॅस्टिकच्या पिशवीत बांधून सावलीत एक-दोन दिवस ठेवल्यास जिवंत बुरशी बाहेर येते आणि दहापट मोठे दाखवणाऱ्या भिंगाने तिचे तंतू किंवा बीजाणू दिसतात. टोमॅटो, वांगी एकाएकी मलूल झाली तर बुंध्याजवळचा खोडाचा तुकडा तिरपा कापून काचेच्या पेल्यातल्या स्वच्छ पाण्यात टोक बुडवून धरावा. जिवाणूजन्य मर असेल तर काही मिनिटांत कापातून धुरकट पांढरा धागा खाली सरकताना दिसतो. मात्र मेलेल्या झाडावर दिसणारी प्रत्येक बुरशी गुन्हेगार नसते. कुजक्या भागावर मागाहून बसणाऱ्या बुरशा पुष्कळ. म्हणूनच शास्त्रात रोगकारक ठरवताना तो जीव वेगळा काढून निरोगी झाडावर सोडतात आणि तोच रोग पुन्हा उद्भवतो का, हे पाहतात. रॉबर्ट कॉख यांच्या नावाने ओळखली जाणारी ही कसोटी शेतावर लावता येत नाही, ते प्रयोगशाळेचे काम.

त्यासाठी नमुना नीट हवा. वाळून गेलेले झाड नको. रोगाच्या सुरुवातीच्या, मधल्या अवस्थेतली दोन-तीन झाडे मुळांभोवतीच्या मातीसह खोदून काढावीत आणि शेजारचे एक निरोगी झाडही घ्यावे. वर्तमानपत्रात गुंडाळावीत, बंद पिशवीत नमुना वाटेतच सडतो. वाण, पेरणीची तारीख, शेवटचा पाऊस, आधी मारलेली औषधे आणि रोग वावरात ठिकठिकाणी आहे की सखल भागात, हे लिहून सोबत द्यावे. खारपाणपट्ट्यात जुन्या पानांच्या कडा करपत असतील तर पानाआधी विहिरीचे किंवा बोअरचे पाणी तपासून घ्यावे. १९६९ मध्ये स्थापन झालेले डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठ अकोल्यातच आहे, त्यामुळे नमुना त्याच दिवशी पोचवता येतो. फोनवर विचारायचे तर किसान कॉल सेंटरचा क्रमांक १८००-१८०-१५५१ आहे.

याच नोंदी रब्बीच्या हरभऱ्याला उपयोगी पडतात. मागच्या वर्षी हरभऱ्याच्या बुंध्याशी पांढरी बुरशी आणि मोहरीएवढे तपकिरी दाणे दिसले असतील, तर ती मानकूज. न कुजलेला पालापाचोळा आणि पेरणीवेळचा जादा ओलावा टाळावा लागेल. चिरलेल्या खोडात काळी रेष दिसली असेल तर ती मर. जाकी ९२१८ यासारखा प्रतिकारक वाण आणि फेरपालट हवा. हरभऱ्याची पेरणी होण्याआधी वावरातली धसकटे वेचताना पाच-दहा बुंधे चिरून पाहावेत आणि जे दिसेल ते वहीत लिहून ठेवावे.