जुन्या फोनला सॉफ्टवेअर मारताना

कर्जत स्टेशनबाहेर म्हणा की खोपोलीच्या बाजारात, दुरुस्तीच्या टेबलावर जुना मायक्रोमॅक्स किंवा कार्बन अजूनही येतो. "लोगोवरच अडकलाय, सॉफ्टवेअर मारून द्या." फोन दहा वर्षांचा, लॅपटॉपवर विंडोज ११. दोघांचं जमणार कसं?

काय करावे

• आधी चिप ओळखा. पाठीवर नाव कुठलंही असो, मीडियाटेकला व्हीकॉम ड्रायव्हर लागतो, स्प्रेडट्रमला त्याचा स्वतःचा, क्वालकॉमला ९००८ पोर्टचा.

• ड्रायव्हर फोन जोडण्याआधी बसवा. मीडियाटेकचा बंद फोन केबल लावताच 'प्रीलोडर' म्हणून दोन-तीन सेकंद दिसतो नि गायब होतो. लॅपटॉप टिंग-टुंग करत राहतो आणि आपण बिचाऱ्या केबलला दोष देतो. तेवढ्या वेळात ड्रायव्हर बसवणं कुणालाच जमायचं नाही. म्हणून डिव्हाइस मॅनेजरमध्ये 'ॲड लेगसी हार्डवेअर' उघडा, यादीतून हाताने निवडायचा पर्याय घ्या, 'हॅव डिस्क' दाबून आयएनएफ फाइल दाखवा. फोन जोडलेला नसल्याने नावावर पिवळा त्रिकोण येईल. येऊ द्या.

• सही असलेला ड्रायव्हर मिळतो का ते पाहा. नाहीच मिळाला, तर शिफ्ट दाबून रीस्टार्ट करा आणि 'स्टार्टअप सेटिंग्ज'मध्ये ७ दाबा. मग विंडोज सही नसलेला ड्रायव्हरही घेतं, पण ही सूट पुढच्या रीस्टार्टपर्यंतच. बिटलॉकर चालू असेल तर त्याची रिकव्हरी की आधी हाताशी ठेवा, नाहीतर फोन राहील बाजूला आणि लॅपटॉपच उघडत बसाल.

• काम बॅटरी भरलेल्या लॅपटॉपवर करा. खोपोलीच्या वीजघराने १९१५ पासून मुंबईला वीज पुरवली, पण आपल्याकडे पाऊस धरला की दिवे गेलेच! फ्लॅश अर्ध्यात तुटला की सेट डेड.

काय टाळावे

• फ्लॅश टूलमधलं 'फॉरमॅट ऑल' हे बटण. त्याने एनव्हीरॅम पुसली जाते आणि तिच्यासोबत आयएमईआयही. फोन सुरू होतो, पण नेटवर्क येत नाही. शक्यतो 'डाउनलोड ओन्ली'वर भागवा. फोन चालू होत असेल तर *#०६# दाबून, नाहीतर बॅटरीखालच्या स्टिकरवरून नंबर आधीच लिहून घ्या. "दुसरा कुठला तरी टाका" असं गिऱ्हाईक म्हणालं तरी टाकू नका. दूरसंचार कायदा २०२३ प्रमाणे आयएमईआय बदलण्याला तीन वर्षांपर्यंत कैद, ५० लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही.

• अँटीव्हायरस बंद करायला सांगणारे फुकटचे 'ड्रायव्हर पॅक'.

• यूएसबी हब, आणि नुसती चार्जिंगची केबल.

• मॉडेल जुळलं म्हणून कुठलीही रॉम मारणं. एकाच मॉडेलमध्ये दोन-तीन बोर्ड निघतात. बोर्डावरचा नंबर वाचा.

• न विचारता सुरुवात. वाडीवरच्या घरी लेकीच्या लग्नाचे फोटो त्या एकाच फोनात असतात. ते जातील हे तोंडावर सांगा, हो म्हणवून घ्या, आणि मेमरी कार्ड काढून त्यांच्याच हातात द्या.