वाद्ययोजना : कोणत्या वाद्याचे कोणते काम?

वाचन : गणना १०:१-१०, स्तोत्र ४ व ५ यांची शीर्षके, १ करिंथ १४:६-१२

पानिपत शहराबाहेर काला अंब हे स्मारकस्थळ आहे. १४ जानेवारी १७६१ रोजी या परिसरात मराठ्यांचे सैन्य अहमदशहा अब्दालीशी लढले. विश्वासराव पडल्यावर सदाशिवरावभाऊ हत्तीवरून उतरून घोड्यावर स्वार झाले. रिकामी अंबारी पाहून सेनापतीही पडले असा समज पसरला आणि सैन्याची फळी मोडली, असे इतिहासकार सांगतात. रणांगणावर नगारा, कर्णा, शिंग ही वाद्ये शोभेसाठी नसत. हजारोंच्या गलबल्यात हुकूम पोहोचवणे हे त्यांचे काम. खूण हरपली की शूरांनाही आपण काय करावे हे कळेनासे होते.

करिंथ येथील मंडळीला लिहिताना पौलाने हाच दाखला घेतला आहे. पावा किंवा वीणा यांच्या स्वरांत भेद नसेल तर काय वाजते ते कसे समजावे, आणि रणशिंगाचा नाद अस्पष्ट असेल तर लढाईस कोण सिद्ध होईल, असे तो विचारतो. त्याचा विषय मंडळीतील बोलणे हा आहे. परंतु जी गोष्ट त्याने उदाहरणादाखल घेतली, ती आपल्या गायकवृंदांनाही तंतोतंत लागू पडते. प्रत्येक वाद्याचा स्वर निराळा, म्हणून प्रत्येकाचे कामही निराळे. छापील स्वरलिपीच्या पहिल्या पानावर जी वाद्यांची यादी असते ती या कामांचीच यादी होय. तिला वाद्ययोजना म्हणतात. ती कशी वाचावी हे या पाठात पाहू.

१. शास्त्रातील वाद्ययोजना

गणनेच्या दहाव्या अध्यायात चांदीचे दोन कर्णे घडवण्याची आज्ञा आहे. दोन्ही वाजले तर सर्व मंडळीने जमावे. एकच वाजला तर फक्त सरदारांनी यावे. इशाऱ्याचा नाद झाला तर छावण्यांनी कूच करावे. वादक किती आणि त्यांनी कसे वाजवावे, या दोन्हींना येथे अर्थ आहे. स्तोत्रसंहितेतही चौथ्या स्तोत्राच्या शीर्षकात तंतुवाद्यांची सूचना आहे आणि पाचव्याच्या शीर्षकातील शब्द फुंकून वाजवण्याच्या वाद्यांचा दर्शक समजला जातो. मुख्य गवयाने शीर्षक वाचल्यावाचून गायन सुरू करू नये, असाच याचा अर्थ नव्हे काय?

२. पहिले पान

मोठ्या वाद्यवृंदाच्या स्वरलिपीत वरून खाली असा क्रम असतो : लाकडी सुषिर वाद्ये, पितळी वाद्ये, तालवाद्ये आणि सर्वांत खाली व्हायोलिन कुळातील तंतुवाद्ये. लहान संचात बहुधा उंच स्वराचे वाद्य वर, खर्जाचे खाली, आणि पियानो किंवा ऑर्गन तळाशी असतो. संचालकाच्या प्रतीत सर्व ओळी एकाखाली एक असतात. वादकाच्या प्रतीत त्याची एकच ओळ असते. म्हणून संचालकाने आपली प्रत प्रथम पूर्ण वाचावी आणि मगच सुट्या प्रती वाटाव्यात.

यादीतील नावाइतकेच त्याभोवतालचे लहान शब्द महत्त्वाचे आहेत. ‘ॲड लिब’ असे लिहिलेले वाद्य नसले तरी चालते. ‘ऑब्लिगातो’ म्हणजे मुळात ‘आवश्यक’. ती ओळ गाळता येत नाही. मात्र काही इंग्रजी भक्तिगीत-संग्रहांत हाच शब्द ऐच्छिक शोभेच्या ओळीसाठीही वापरलेला आढळतो, तेव्हा ती ओळ गाळून गीत उभे राहते की नाही हे स्वतः तपासावे. ‘सोलो’ म्हणजे एकट्याने, ‘तुत्ती’ म्हणजे सर्वांनी. ‘ताचेत’ असेल तर त्या भागात त्या वाद्याने गप्प राहावे. बारीक छापलेले स्वर पुष्कळदा दुसऱ्या वाद्याचे असतात. आपण कोठे प्रवेश करावा हे कळावे म्हणून ते दिलेले असतात.

नावावरून वादकांची संख्या ठरवण्याचीही घाई करू नये. सतराव्या शतकातील कोरेल्लीच्या ‘ट्रायो सोनाता’ या नावात तीन हा आकडा आहे. पण तेथे बहुधा चार वादक बसतात. दोन व्हायोलिने वरच्या दोन ओळी वाजवतात. तिसरी, खर्जाची ओळ एक चेलोसारखे वाद्य आणि एक ऑर्गन किंवा हार्प्सिकॉर्ड मिळून सांभाळतात. तीन ही ओळींची संख्या आहे, माणसांची नव्हे.

३. लिहिलेला स्वर आणि वाजणारा स्वर

अनेक गायकवृंदांत घोटाळा होतो तो येथे. एखादा तरुण क्लॅरिनेट घेऊन येतो, गीतपुस्तकातील सोप्रानोची ओळ जशीच्या तशी वाजवतो आणि सर्व बेसूर होते. दोष त्याच्या कानाला दिला जातो, आणि तो पुन्हा सरावाला येत नाही. वास्तविक दोष त्याचा नसतो.

आपले हार्मोनियमवादक ‘पांढरी चार’, ‘काळी पाच’ अशी पट्टी सांगतात. तीच भाषा येथे उपयोगी पडेल. पांढरी एक म्हणजे सी. व्हायोलिन, बासरीसारखी फ्लूट आणि पियानो यांच्यासाठी सी लिहिला तर पांढरी एकच वाजते. परंतु ‘बी फ्लॅट’ क्लॅरिनेट किंवा ट्रम्पेट यांच्यासाठी सी लिहिला तर ऐकू येते काळी पाच, म्हणजे एक पूर्ण स्वर खाली. ‘ई फ्लॅट’ आल्टो सॅक्सोफोनचा सी काळी दोन ऐकवतो, आणि ‘एफ’ हॉर्नचा पांढरी चार. दोन्ही लिहिलेल्या सीच्या खालच्या बाजूला. वाद्याच्या नावापुढचे अक्षर हीच गोष्ट सांगते.

उपाय सोपा आहे. गीत एफ पट्टीत असेल तर बी फ्लॅट क्लॅरिनेटसाठी ते एक स्वर वर, जी पट्टीत लिहावे. आल्टो सॅक्सोफोनसाठी डी पट्टीत. गीत जी पट्टीत असेल तर क्लॅरिनेटसाठी ए पट्टी. शनिवारी अर्धा तास बसून एवढी एक ओळ लिहून दिली तर एक वादक मंडळीत टिकतो.

हार्मोनियम ‘स्केल चेंजर’ असेल तर पट्टी सरकवलेली नाही ना, हेही आरंभी पाहावे. शिवाय हार्मोनियमचे सूर जागेवर जुळवता येत नाहीत. म्हणून इतरांनी त्याच्याशी जुळवून घ्यावे.

४. एकाचे काम दुसऱ्याने करावे का?

करावे, पण काम ओळखून. चार आवाजांच्या साध्या गीतात सोप्रानोकडे चाल, बासकडे पाया आणि आल्टो-टेनरकडे मधली भर असते. वाद्य बदलताना दोन प्रश्न विचारावेत. पहिला : ते वाद्य तेवढे खाली जाऊ शकते का? व्हायोलिनचा सर्वांत खालचा स्वर मध्य सीच्या खालचा जी. टेनरची ओळ त्याहून खाली जाते, म्हणून ती व्हायोलिनला पेलत नाही. व्हायोला ती सहज वाजवते, आणि बी फ्लॅट क्लॅरिनेटही त्या जीच्या खालच्या डीपर्यंत पोहोचतो. दुसरा : त्या जागी त्याचा आवाज ऐकू येईल का? फ्लूट मध्य सीपर्यंत उतरते, परंतु तेथे तिचा स्वर क्षीण असतो. आल्टोची खालची ओळ तिला दिली तर ती इतरांत बुडते.

चेलो नसेल तर हार्मोनियमच्या डाव्या हाताने बास धरावा. चाल व्हायोलिन वाजवत असेल तर उजव्या हाताने तीच चाल मोठ्याने न काढता मधले स्वर भरावेत. काही गाळावेच लागले तर मधली भर गाळावी. चाल आणि पाया कधीही गाळू नयेत.

५. गोव्याचा धडा

हे ज्ञान मोठ्या शहरातील विद्यालयांचेच आहे असे कोणी समजू नये. गोव्यात चर्चला जोडलेल्या शाळांत खेड्यातील सामान्य मुले सोल्फेज, म्हणजे स्वर वाचून गाणे, आणि व्हायोलिन शिकत आली. वाचता येत होते म्हणून त्यांतील अनेकांना मुंबईच्या चित्रपटसंगीतात काम मिळाले. माजोर्डा येथे १९२७ मध्ये जन्मलेले अँथनी गोन्साल्विस हे त्यांपैकीच एक. १९५८ मध्ये त्यांनी मुंबईत आपला वाद्यवृंद उभा करून पाश्चात्त्य वाद्यांना भारतीय रागसंगीताशी जोडण्याचा प्रयत्न केला. प्रत्येक वाद्याचे काम नेमके ठाऊक असल्याशिवाय असे धाडस होत नाही.

आपल्या मंडळीत चारच वाद्ये असतील आणि पानावर सात लिहिलेली असतील, तर ते पान बाजूला टाकू नये, आणि जे आहेत त्यांना जे दिसेल ते वाजवायलाही लावू नये. सात नावांच्या मागे कोणती कामे आहेत ती शोधावी आणि चौघांत वाटून द्यावी. ज्याला आपले काम स्पष्ट कळले आहे, त्याचा मंद स्वरही उपासनेला आधार देतो.

विचारासाठी प्रश्न

१. गणना १० मध्ये एक कर्णा व दोन कर्णे यांच्या नादात कोणता भेद सांगितला आहे?
२. आपल्या गीतपुस्तकातील एक गीत घ्या. ते बी फ्लॅट क्लॅरिनेटसाठी कोणत्या पट्टीत लिहावे लागेल?
३. आपल्या गायकवृंदात चाल, पाया आणि मधली भर ही कामे आज कोण करतो? कोणते काम कोणाकडेच नाही?
४. न समजलेल्या कारणामुळे कोणी वादक दूर गेला आहे का? त्याला परत बोलावण्यासाठी कोणती ओळ लिहून द्यावी लागेल?